सिंकिंग फंडातून वॉचमनचा पगार: अमेरिकी कंट्री क्लबचा हिशेब

गृहरचना संस्थेची खजिनदारकी ज्याने एकदा तरी निभावली आहे, त्याला अमेरिकेतल्या कंट्री क्लबचा, म्हणजे गोल्फचं मैदान, तलाव आणि जेवणघर असलेल्या सभासदांसाठीच्या क्लबचा, ताळेबंद परका वाटायचं कारण नाही. महाराष्ट्राच्या आदर्श उपविधींनी सिंकिंग फंडासाठी सदनिकेच्या बांधकाम खर्चाच्या, जमिनीची किंमत वगळून, वर्षाला किमान ०.२५ टक्के रक्कम बाजूला ठेवायला सांगितली आहे. ती वर्षानुवर्षांनी येणाऱ्या मोठ्या कामांसाठी. एखाद्या कमिटीने तोच पैसा वॉचमनच्या पगाराला वापरला, तर त्या वर्षी मेंटेनन्स वाढत नाही, सभेत कुणी आवाज चढवत नाही आणि कमिटी पुन्हा निवडून येते. स्लॅब गळायचा तो गळतोच, फक्त तेव्हा खुर्चीवर दुसरी माणसं असतात.

अमेरिकी क्लबात नव्या सभासदाकडून एकदाच घेतली जाणारी प्रवेश फी म्हणजे हाच सिंकिंग फंड. क्लब श्रीमंत आहे की नाही, दारात किती भारी गाड्या उभ्या आहेत, भिंतीवर कुणाचे फोटो आहेत, यावरून त्याची प्रकृती कळत नाही. प्रवेश फीचा डॉलर कशावर खर्च होतो, एवढ्या एका गोष्टीवरून ती बऱ्यापैकी कळते. तिथे स्थिरावलेल्या आपल्या माणसांना कधी ना कधी अशा क्लबचं निमंत्रण येतं आणि बहुतेक जण मासिक वर्गणीचा आकडा बघून निर्णय घेतात. तो आकडा सर्वांत कमी महत्त्वाचा आहे, असं माझं ठाम मत आहे. म्हणून हा लेख.

थोडी पार्श्वभूमी. मॅसॅच्युसेट्समधल्या ब्रुकलाइनचा ‘द कंट्री क्लब’ १८८२ चा. १८९४ मध्ये अमेरिकेची गोल्फ संघटना ज्या पाच क्लबांनी मिळून स्थापन केली, त्यांतला तो एक. तेव्हापासून दोन प्रकारचे क्लब चालत आले आहेत. एक सभासदांच्या मालकीचे: जमीन, इमारत, कर्ज, सगळं सभासदांचं, कारभार निवडून आलेल्या मंडळाचा. दुसरे कंपनीच्या किंवा बिल्डरच्या मालकीचे: सभासद फक्त वापराचे पैसे देतो. दुसऱ्या प्रकारातलं सर्वांत मोठं नाव क्लबकॉर्प. रॉबर्ट डेडमन यांनी १९५७ मध्ये डॅलसमध्ये सुरू केलेली ही कंपनी २००६ मध्ये केएसएल या गुंतवणूक संस्थेकडे गेली, २०१३ मध्ये शेअर बाजारात आली, २०१७ मध्ये अपोलो या दुसऱ्या गुंतवणूक संस्थेने ती सुमारे १.१ अब्ज डॉलरला घेतली आणि २०२२ पासून ती ‘इन्व्हायटेड’ या नावाने ओळखली जाते. म्हणजे या धंद्यात नफा काढता येतो. पण तो शेकडो क्लबांची खरेदी, विमा आणि हिशेब एकत्र करून. एकट्या क्लबने नफा काढायला जाणं ही वेगळी गोष्ट, आणि सभासदांच्या क्लबचा तर तो उद्देशच नाही. तिथे उद्देश एवढाच, की सामायिक खर्च सगळ्यांनी वाटून घ्यायचा आणि मालमत्ता झिजू द्यायची नाही.

आता एक नमुन्याचा क्लब घेऊ. आकडे समजण्यासाठी मांडलेले आहेत, पण त्यांचं एकमेकांशी नातं खऱ्या क्लबांत असतं तसंच आहे. १८ होलचं गोल्फचं मैदान, ४०० पूर्ण सभासद. वर्गणी महिना ९०० डॉलर, म्हणजे वर्षाला ४३.२० लाख. पाहुण्यांची फी, कार्टचं (मैदानावर फिरायच्या छोट्या गाडीचं) भाडं, लॉकर वगैरे ८ लाख. खानपानाची विक्री २० लाख. एकूण ७१.२० लाख डॉलर. खर्च: खानपानावर २२ लाख, मैदानाची देखभाल १८ लाख, गोल्फचे प्रशिक्षक, कार्ट आणि दुकान ७ लाख, आणि इमारत, कार्यालय, विमा, मालमत्ता कर, वीज असं सगळं मिळून २१ लाख. बेरीज ६८ लाख. हातात ३.२० लाख उरले. यात अर्ध्याहून जास्त खर्च पगारांचा असतो, हे लक्षात ठेवा. क्लब म्हणजे शेवटी माणसांचं काम.

या क्लबात वर्षाला २५ सभासद सोडून जातात आणि २५ नवे येतात. प्रवेश फी ५० हजार धरली तर १२.५० लाख. शिवाय प्रत्येकाकडून भांडवली वर्गणी म्हणून महिना ६० डॉलर वेगळे, ते २.८८ लाख. म्हणजे वरची ३.२० लाखांची शिल्लक धरून मोठ्या कामांसाठी एकूण १८.५८ लाख उपलब्ध. मालमत्तेचा घसारा, म्हणजे झिजेपोटी पुस्तकात कमी होणारी किंमत, वर्षाला १६ लाख आहे असं समजू. क्लब जेमतेम पण सरळ उभा आहे.

आता ४० सभासद कमी करा. मंदी आली, शेजारी नवा क्लब झाला, काहीही. वर्गणी ४.३२ लाखांनी घटते. खर्च घटतो का? गवत ४०० सभासदांसाठी जेवढं वाढतं तेवढंच ३६० साठी वाढतं. आचारी तेवढेच, विमा तेवढाच. ३.२० लाखांची शिल्लक १.१२ लाखांच्या तुटीत जाते. नवे सभासद २५ ऐवजी १० आले तर प्रवेश फी ५ लाख, भांडवली वर्गणी २.५९ लाख. तूट वजा जाता हातात ६.४७ लाख, आणि झीज मात्र १६ लाखांचीच. दहा टक्के सभासद गेले आणि मोठ्या कामांसाठीचा पैसा दोन तृतीयांशाने आटला. या धंद्याचं सगळं गणित या एका उताऱ्यात आहे. स्थिर खर्च इतका जास्त असतो, की शेवटच्या चाळीस सभासदांवर क्लबचं भवितव्य ठरतं.

इथे मंडळ बहुधा चूक करतं ती अशी: सभासद वाढवण्यासाठी प्रवेश फी ५० हजारांवरून १५ हजारांवर आणतं. माणसं येतात, वर्गणी पुन्हा भरते, वरवर सगळं ठीक दिसतं. पण मोठ्या कामांचा झरा बंद झालेला असतो, आणि १५ हजार देऊन आलेला माणूस पहिल्याच अतिरिक्त आकारणीला (मोठ्या कामासाठी सभासदांकडून एकदम मागितलेल्या जादा रकमेला) निघून जातो, कारण त्याचं गुंतलेलं थोडंच असतं. तीन-चार वर्षांत मैदान उतरतं, जुने चांगले खेळाडू शेजारच्या क्लबात जातात आणि फी आणखी खाली येते. त्यापेक्षा वर्गणी वाढवणं, चार टीका करणाऱ्यांना सामोरं जाणं आणि प्रवेश फीला हात न लावणं कितीतरी सुरक्षित.

खानपानाबद्दल जवळपास प्रत्येक सर्वसाधारण सभेत वाद होतो. ‘बाहेरचं हॉटेल चालतं, मग आपलं का तोट्यात?’ कारण हॉटेलला गिऱ्हाईक निवडता येतं, जागा निवडता येते, मंगळवारची दुपार बंद ठेवता येते. क्लबला ४०० घरांसाठी आठवड्यातले सहा दिवस, सकाळच्या कॉफीपासून रात्रीच्या जेवणापर्यंत, स्वयंपाकघर तयार ठेवावं लागतं. शुक्रवारी रात्री आणि रविवारी दुपारी झुंबड, आणि पावसाळी मंगळवारी बारा ताटं. आचारी, मदतनीस आणि भांडी घासणारा यांचा पगार दोन्ही दिवशी सारखाच. वर सभासदांना दर बाहेरच्यापेक्षा कमी हवे असतात, पदार्थ भरपूर हवे असतात, माल वाया जातो. चांगल्या हॉटेलात कच्च्या मालाचा खर्च विक्रीच्या ३० टक्क्यांच्या आसपास बसवतात, क्लबात तो ४० वर जाणं नवलाचं नाही. आमच्या नमुन्यात: माल ८ लाख, पगार ११.५० लाख, बाकी २.५० लाख, विक्री २० लाख. २ लाखांची तूट. ती तूट म्हणजे सोय पुरवण्याचा खर्च आहे, पोहण्याच्या तलावासारखा. तलाव नफ्यात का नाही, असं कुणी विचारत नाही.

काही क्लब यावर किमान खर्चाची अट घालतात, समजा तिमाहीला ३०० डॉलर खा नाहीतर भरा. त्याने विक्री वाढते, पण ती मार्चच्या शेवटच्या आठवड्यात. अट पुरी करायला आलेली गर्दी, घाईत जमवलेले जादा हात, चिडलेले सभासद. नफ्यात फरक शून्याच्या जवळ. त्यापेक्षा तीच रक्कम सरळ वर्गणीत घ्यावी आणि बुधवारी पास्ता, शुक्रवारी बार्बेक्यू असे ठरलेले वार ठेवून गर्दी आठवड्यात पसरवावी. हे करणारे क्लब मी जास्त शहाणे मानतो.

मग लग्नं घ्या, मेजवान्या घ्या, त्यात तर पैसा आहे! आहे खराच, पण तिथे कर कायदा आडवा येतो. सभासदांच्या मालकीचे बहुतेक क्लब आयकर कायद्याच्या ५०१(सी)(७) कलमाखाली करमुक्त असतात. १९७६ च्या दुरुस्तीप्रमाणे सभासदांबाहेरून, म्हणजे बाहेरची माणसं आणि गुंतवणुकीवरचं उत्पन्न धरून, एकूण जमेच्या ३५ टक्क्यांपेक्षा जास्त येता कामा नये, आणि त्यातही बाहेरच्या लोकांनी क्लबच्या सोयी वापरल्याबद्दलचं १५ टक्क्यांच्या आतच हवं. या जमेत प्रवेश फी आणि भांडवली आकारण्या धरत नाहीत. लग्नांचे पैसे आमच्या क्लबच्या ७१.२० लाखांतच धरले, तर मर्यादा १०.६८ लाख. ६० हजारांचं एक अशी बाहेरची १७ लग्नं झाली की १०.२० लाख होतात. अठरावं लग्न घेतलं की मर्यादा ओलांडली. शिवाय बाहेरच्यांकडून आलेल्या उत्पन्नातल्या निव्वळ नफ्यावर आणि व्याजावर कर भरावाच लागतो, आज तो दर २१ टक्के आहे.

नोंदी ठेवताना हमखास घोटाळा होतो. अमेरिकी आयकर खात्याचा १९७१ चा नियम सांगतो की आठ किंवा कमी माणसांच्या टोळक्यात एक जरी सभासद असेल आणि पैसे त्याने किंवा त्याच्या मालकाने दिले असतील, तर बाकीचे त्याचे पाहुणे समजायचे. टोळकं मोठं असेल पण त्यात ७५ टक्के किंवा जास्त सभासद असतील, तरी तसंच. या दोन्हींत न बसणाऱ्या प्रत्येक कार्यक्रमाची तारीख, एकूण माणसं, त्यांतले बाहेरचे किती, एकूण बिल, बाहेरच्यांचं बिल किती आणि पैसे कुणी दिले, हे त्याच वेळी लिहून ठेवावं लागतं. कंपनीने सभासदाच्या नावावर साठ माणसांची मेजवानी ठेवली, बिल कंपनीने भरलं, आणि व्यवस्थापकाने ते ‘सभासदाचा कार्यक्रम’ म्हणून टाकलं, की तपासणीत अडकलाच. नोंद नसेल तर या नियमातल्या सवलतीच्या गृहीतकांचा आधारच घेता येत नाही.

भारतातल्या क्लबांनाही हेच तत्त्व दुसऱ्या नावाने लागू आहे: परस्परता, म्हणजे माणूस स्वतःकडूनच नफा कमावू शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये बँगलोर क्लबच्या प्रकरणात सभासद असलेल्या बँकांमधल्या ठेवींचं व्याज या तत्त्वाबाहेर ठरवलं, आणि २०२३ मध्ये सिकंदराबाद क्लबच्या प्रकरणात तेच कायम केलं. २०१९ च्या कलकत्ता क्लब निकालाने सेवा कराबाबत क्लबांना दिलासा दिला होता. पण २०२१ च्या वित्त कायद्याने जीएसटी कायद्यात पूर्वलक्षी प्रभावाने, १ जुलै २०१७ पासून, क्लब आणि सभासद ही दोन वेगळी माणसं मानली. म्हणून मुंबई-पुण्यातल्या क्लबच्या पावतीवर १८ टक्के दिसतात.

आता मैदानाकडे, कारण पैसा खरा मुरतो तो मातीत. अमेरिकेतल्या गोल्फ मैदान आरेखनकारांच्या संस्थेने कुठला भाग किती वर्षं टिकतो याचं एक कोष्टक प्रसिद्ध केलेलं आहे. ग्रीन (भोकाभोवतीचा अगदी बारीक कापलेल्या गवताचा भाग) १५ ते ३० वर्षं. पाण्याची यंत्रणा १० ते ३०. टी (पहिला फटका मारायची जागा) १५ ते २०. डांबरी कार्टरस्ते ५ ते १०, काँक्रीटचे १५ ते ३०. बंकरमधली, म्हणजे मैदानावरच्या वाळूच्या खड्ड्यांमधली, वाळू ५ ते ७ वर्षं आणि बंकरखालचे निचऱ्याचे पाइप ५ ते १०. मंडळावरचा माणूस बहुधा तीन वर्षांसाठी निवडून येतो, आणि यातली जवळपास कुठलीच गोष्ट तीन वर्षांत मोडत नाही. आजार इथून सुरू होतो.

बंकरच बघा. तळाशी माती, तिच्यात चर खणून छिद्रांचा पाइप, वर चार ते सहा इंच वाळू. जोराचा पाऊस आला की उतारावरची वाळू घसरून तळाशी येते, वरची माती उघडी पडते आणि तिचा गाळ वाळूत मिसळतो. दुसऱ्या दिवशी माणसं फावड्याने वाळू परत वर चढवतात. वर चढवलेल्या वाळूत आता गाळ आहे. पुढच्या पावसात तो खाली झिरपून पाइपची छिद्रं बुजवतो. मग पाणी उतरत नाही, बंकरमध्ये डबकं राहतं, पंप लावून उपसावं लागतं. आठ माणसं अर्धा दिवस या कामाला लागली तर ३२ तास, आणि वर्षात असे पंधरा पाऊस झाले तर ४८० तास. मजुरीचा हा खर्च ‘देखभाल’ या नावाखाली दिसतो, बंकर संपल्याचं कुठेच लिहिलं जात नाही. बंकरला सच्छिद्र काँक्रीटचं किंवा पॉलिमरने बांधलेल्या खडीचं अस्तर घातलं की घसरण बरीच थांबते. पण ते भांडवली काम. पैसा प्रवेश फीतून यायचा, आणि ती गेलेली असते आचाऱ्याच्या पगारात.

ग्रीनची गोष्ट आणखी नाजूक. अमेरिकी संघटनेच्या १९६० पासूनच्या पद्धतीने बांधलेल्या ग्रीनमध्ये वर बारा इंच वाळूप्रधान थर, खाली चार इंच खडी, त्याखाली निचऱ्याचे पाइप असतात. वरचं गवत सुमारे तीन मिलिमीटरवर कापलेलं. मुळं आणि मेलेली पानं कुजून वरच्या दोन इंचांत एक स्पंजसारखा थर साचतो. तो पाणी धरून ठेवतो. म्हणून वर्षातून निदान दोनदा अर्ध्या इंचाच्या पोकळ खिळ्यांनी ग्रीनला भोकं पाडून ती गोळी बाहेर काढतात आणि भोकं वाळूने भरतात. त्यानंतरचे दहा-पंधरा दिवस चेंडू उड्या मारत जातो. सभासद वैतागतात, स्पर्धा जवळ असते, आणि मंडळ मैदानप्रमुखाला सांगतं, यंदा एकदाच करा. वरून काहीच बिघडल्यासारखं दिसत नाही. दोन वर्षांनी जुलैच्या उकाड्यात ओला स्पंज तापतो, मुळं अर्ध्या इंचावर येऊन थांबलेली असतात, आणि आठवड्याभरात गवत पिवळं पडतं. मग मैदानप्रमुखाला काढलं जातं. चूक त्याची नव्हती.

घसाऱ्याचा आकडाही पुरेसा नसतो, हे इथे सांगायला हवं. घसारा जुन्या किमतीवर लागतो. १९९८ मध्ये टाकलेल्या पाइपांची तेव्हाची किंमत पुस्तकात शून्यावर आली, म्हणून नवे पाइप त्या किमतीला मिळत नाहीत. शिवाय जुने पीव्हीसीचे पाइप पंप चालू-बंद होतानाच्या दाबाने सांध्यांवर तडकतात. आता सांधे वितळवून जोडलेले एचडीपीई (चिवट प्लास्टिकचे) पाइप घालतात. काम टिकाऊ, पण खर्च मोठा. त्यामुळे घसाऱ्याइतकी रक्कम बाजूला ठेवणारा क्लबही हळूहळू मागेच पडतो. शहाणे क्लब दर दोन-तीन वर्षांनी बाहेरच्या अभियंत्याकडून पुढच्या वीस वर्षांच्या कामांची यादी करून घेतात आणि भांडवली वर्गणी त्या यादीवरून ठरवतात.

हे क्लब इतके का अडचणीत आले होते, याची मुळं १९८० च्या दशकात आहेत. १९८८ मध्ये राष्ट्रीय गोल्फ फाउंडेशनने २००० सालापर्यंत रोज एक नवं मैदान हवं असा हिशेब मांडला. १९८६ ते २००५ या काळात चार हजारांहून अधिक मैदानं वाढली. त्यांतली कितीतरी घरं विकण्यासाठी होती: बिल्डर मैदान बांधतो, भोवती प्लॉट विकतो, वर्गणी मुद्दाम कमी ठेवतो आणि प्लॉट संपले की क्लब सभासदांच्या गळ्यात घालतो. नेमकी तेव्हाच पंधरा वर्षं झालेली असतात आणि मोठी कामं दारात उभी असतात. (पुण्याच्या टाउनशिपमध्ये बुकिंगच्या वेळी क्लबहाउसचे पैसे भरणाऱ्यांनी हे वाक्य दोनदा वाचावं.) दरम्यान १ जानेवारी १९९४ पासून क्लबची वर्गणी धंद्याचा खर्च म्हणून वजा करण्याची सवलत गेली, आणि २०१७ च्या कर कायद्याने करमणुकीच्या खर्चाचीही गेली. सभासदाची वर्गणी कंपनीने भरणं कमी झालं आणि घरच्या बजेटातून पैसा येऊ लागला. २००३ च्या सुमाराला खेळाडूंची संख्या ३ कोटींच्या वर होती. २००६ पासून उघडणाऱ्या मैदानांपेक्षा बंद पडणारी जास्त झाली.

२००८ नंतर एक जुना करार उघडा पडला: परतीची अनामत. प्रवेश फीच्या ८० टक्के रक्कम सभासद सोडून गेल्यावर परत, किंवा ३० वर्षांनी परत, असं सांगून घेतलेली. ४०० सभासदांचे प्रत्येकी ४० हजार म्हणजे १.६० कोटी डॉलरचं देणं. ते फेडायचं कशातून? नव्या सभासदाच्या अनामतीतून. नियम असा, की तीन नवे आले की सोडून जाणाऱ्या एकाला पैसे. नवे येईनात तेव्हा रांग लागली आणि रांगेतल्या माणसाकडून वर्गणीही चालूच. फ्लोरिडात ज्या वसाहतींत घराबरोबर सभासदत्व सक्तीचं होतं, तिथे वर्गणीच्या ओझ्यामुळे काही घरं नाममात्र किमतीला निघाली. आज बहुतेक नवे करार परतीशिवायचे आहेत. ‘परत मिळेल’ हा शब्द ऐकला की ‘कुणाच्या पैशातून’ हे विचारायचं.

२०२० नंतर चित्र पालटलं. मोकळ्यावरचा खेळ, घरून काम, मंगळवारच्या दुपारीही मैदानावर गर्दी. २०२३ मध्ये मैदानावर खेळणारे २.६६ कोटी झाले, क्लबांत प्रतीक्षायादी लागली, प्रवेश फी वाढल्या. या दिवसांतला धोका उलटा आहे: सभासद जास्त घेणं. दहा मिनिटांच्या अंतराने चौघांची एक टोळी सोडली तर तासाला २४ खेळाडू, शनिवारी सकाळी सात ते बारा १२० जण. ४०० सभासदांपैकी १२० जणांनाच ती सकाळ मिळते. आणखी पन्नास घेतले की वर्गणी वाढते, पण ज्याला शनिवार मिळत नाही तो दोन वर्षांत निघतो.

पोहण्याचा तलाव, व्यायामशाळा, मुलांची शिबिरं, पिकलबॉल (छोट्या कोर्टावरचा टेनिससारखा खेळ) यांवरचा खर्च मात्र मला पटतो. एका टेनिस कोर्टाच्या जागेत पिकलबॉलची चार कोर्टं बसतात. आवाजाने शेजारी तक्रार करतात, म्हणून ती घरांपासून लांब ठेवावी लागतात. पण ज्या क्लबात घरातली तिघं-चौघं आठवड्यातून जातात, तो सोडायचा निर्णय एकट्या गोल्फ खेळणाऱ्याच्या हातात राहत नाही. २५ ऐवजी १५ च सभासद सोडून गेले, तरी क्लबला श्वास घ्यायला जागा मिळते. मजुरांची टंचाई ही आणखी एक अडचण. हंगामी कामाचे एच-टूबी व्हिसा वर्षाला मुळात ६६ हजार, अर्धे हिवाळ्याला, अर्धे उन्हाळ्याला, आणि त्यावर सगळ्या देशाची हॉटेलं आणि बागकाम करणारेही रांगेत.

जमिनीचं तिथलं गणितही वेगळं. कॅलिफोर्नियात मतदारांनी १९६० मध्ये मंजूर केलेल्या सहाव्या प्रस्तावामुळे ना-नफा गोल्फ क्लबच्या जमिनीवर कर लावताना ती गोल्फचीच जमीन धरतात, तिथे इमारती उभ्या राहिल्या तर किती किंमत येईल हे बघत नाहीत. बेव्हर्ली हिल्सला खेटून असलेला, २०२३ ची गोल्फची यूएस ओपन भरवणारा लॉस एंजेलिस कंट्री क्लब अशा नियमांवर उभा आहे. सभासदांना हे हवंहवंसं वाटतं, शहराला घरं हवी असतात. मुंबईत हाच ताण भाडेपट्ट्याच्या रूपाने दिसतो: महालक्ष्मी रेसकोर्सच्या २११ एकरांचा पट्टा २०१३ मध्ये संपला, आणि २०२४ मध्ये १२० एकर उद्यानासाठी आणि ९१ एकर टर्फ क्लबकडे अशी वाटणी ठरली. अमेरिकेत जमीन बहुधा सभासदांची, आपल्याकडे बहुधा सरकारची. म्हणून तिथल्या सभासदाने घसारा बघावा आणि इथल्याने पट्ट्याची तारीख.

तुम्हाला एखाद्या सभासदांच्या क्लबात जायचं असेल, तर त्याचा फॉर्म ९९०, म्हणजे करमुक्त संस्थेचं वार्षिक विवरणपत्र, मिळवा. करमुक्त संस्थांना तो मागेल त्याला दाखवावाच लागतो आणि इंटरनेटवरही तो फुकट सापडतो. पाचव्या भागात १०ए या ओळीवर प्रवेश फी आणि भांडवली जमा, १०बी वर बाहेरच्या वापराची जमा. नवव्या भागात ओळ २२ वर घसारा. पहिल्या भागात ओळ १९ वर जमा वजा खर्च. आता ओळ १९ मध्ये घसारा मिळवा आणि १०ए वजा करा. आमच्या नमुन्यात ओळ १९ येते २.५८ लाख, अधिक १६ लाख, वजा १५.३८ लाख, उरले ३.२० लाख: रोजचा कारभार स्वतःच्या पायावर उभा आहे. उत्तर उणे आलं आणि तीन वर्षं उणेच येत असेल, तर सिंकिंग फंडातून वॉचमनचा पगार चालला आहे. काही क्लब प्रवेश फी अनेक वर्षांवर वाटून दाखवतात, तेव्हा लेखापरीक्षकाच्या टिपांमधून त्या वर्षी खरोखर आलेली रक्कम घ्यावी. मग दहाव्या भागात १०बी ला १०ए ने भागा: मालमत्तेची मूळ किंमत किती आणि त्यातली किती झिजून गेली. जमिनीवर घसारा नसल्यामुळे डी परिशिष्टातून जमिनीची रक्कम आधी वजा करा. उत्तर ७०-७५ टक्क्यांच्या वर गेलं, तर पुढच्या काही वर्षांत अतिरिक्त आकारणीचं पत्र येणार हे धरून चाला.

कंपनीच्या मालकीच्या क्लबात ९९० नसतो. तिथे कराराची प्रत घरी नेऊन वाचा: वर्गणी किती टक्क्यांपर्यंत वाढवता येते, सोडताना किती महिन्यांची सूचना, क्लब विकला गेला तर तुमच्या अनामतीचं काय.

आणि क्लब दाखवायला नेतील तेव्हा जेवणाचा हॉल लवकर आटपा आणि पंपहाउस बघायला मागा. दार उघडल्यावर तेलाचा वास येईल, फरशी ओली आहे का ते बघा. सांध्यांवर पट्ट्या किती मारल्या आहेत ते मोजा, आणि पंपावरच्या पत्र्याच्या पाटीवर कुठलं साल कोरलंय ते वहीत लिहून घ्या.